काचेच्या तंतूतील प्रकाशाची मोजणी

ऑक्टोबर 2011 मध्ये केंद्र सरकारने ज्या योजनेस मंजुरी दिली आणि जिला पुढे भारतनेट हे नाव मिळाले, तिच्या अन्वये ग्रामपंचायती काचेच्या तंतूंनी जोडण्याचे कार्य देशभर सुरू झाले. परंतु केबल जमिनीत पुरली एवढ्यावरून ती संदेशवहनास योग्य झाली असे मानणे, म्हणजे उजनीचा कालवा खणला म्हणून मंगळवेढ्याच्या शेतात पाणी पोहोचले असे गृहीत धरणे होय.

तंतूची जाडी मिलिमीटरच्या अष्टमांशाएवढी, आणि त्यातील ज्या गाभ्यातून प्रकाश जातो त्याचा व्यास केवळ 9 मायक्रॉन. तेव्हा धुळीचा एखादा कणही त्याची वाट अडवू शकतो. म्हणून एका टोकास लाइट सोर्स लावून दुसऱ्या टोकास पॉवर मीटरवर किती प्रकाश उतरला हे पाहतात. हा प्रकाश अवरक्त, म्हणजे अदृश्य असल्यामुळे तंतूच्या तोंडाशी डोळा कदापि नेऊ नये. ऱ्हास डेसिबेलमध्ये मोजतात: 3 डेसिबेल गेले की निम्मा प्रकाश उरतो, 10 गेले की दशांश.

या मोजणीचा प्राण तिच्या शून्यात आहे. मुख्य केबलला हात लावण्यापूर्वी सोर्स आणि मीटर पॅच कॉर्डने, म्हणजे जोडणीच्या आखूड तंतूने, परस्परांस जोडून येणारा आकडा शून्य मानावा लागतो, आणि त्यानंतर ती कॉर्ड सोर्सवरून काढावयाची नसते, कारण पुन्हा जोडताना आत शिरणारा प्रकाश बदलतो व सगळी मोजणी खोटी ठरते. सोलापूरच्या उन्हाळ्यात, रस्त्याकडेच्या धुळीत उभे राहून प्रत्येक कनेक्टर पुसण्याची तसदी जो तंत्रज्ञ घेतो, त्याच्याच आकड्यावर मी विश्वास ठेवीन.

आलेल्या आकड्याची रुजवात आधी मांडलेल्या हिशेबाशी करतात. सोलापूरहून 30 किलोमीटरवरील गाव घेतले, तर 1310 नॅनोमीटर तरंगलांबीस किलोमीटरमागे 0.35 प्रमाणे 10.5 डेसिबेल, 2 किलोमीटरच्या तुकड्यांचे 14 सांधे प्रत्येकी 0.1 प्रमाणे 1.4, आणि दोन्ही टोकांच्या कनेक्टरांचे मिळून 1, असा एकूण 12.9 डेसिबेल ऱ्हास क्षम्य ठरतो. 1966 साली या तंतूंचे आद्य संशोधक चार्ल्स काओ यांनी किलोमीटरमागे 20 डेसिबेल एवढेच उद्दिष्ट समोर ठेवले होते, आणि 1979 मध्ये पुण्यात दूरध्वनी केंद्रांना जोडणारी तंतूची पहिली व्यवस्था सुरू झाली, हे ध्यानी घेतले म्हणजे या आकड्यांमागील साधना उमगते.

1550 नॅनोमीटरला ऱ्हास वस्तुतः कमी, किलोमीटरमागे 0.2 च्या आसपास, यावयास हवा. तोच जर 1310 पेक्षा अधिक आला, तर केबल कोठेतरी अवाजवी वाकली आहे असे समजावे, कारण वाकलेल्या तंतूतून दीर्घ तरंगलांबीचा प्रकाश अधिक निसटतो. ती जागा मीटर सांगू शकत नाही. तिच्यासाठी परतणाऱ्या प्रकाशावरून अंतर काढणारे ओटीडीआर यंत्र लागते. उलटपक्षी, एकूण ऱ्हासाचा भरवशाचा आकडा सोर्स आणि मीटरच देतात, म्हणून एकाने दुसऱ्याची जागा घेऊ नये.

रस्तारुंदीकरणात केबल तुटून पुन्हा सांधली जाते, तेव्हा तुलनेस पहिली नोंद दप्तरी असावी लागते. यास्तव दोन्ही तरंगलांबींवरील, प्रत्येक तंतूची निराळी मोजणी ठेकेदाराच्या बिलास जोडलेली असल्याखेरीज काम पुरे झाल्याचा दाखला कोणत्याही कचेरीने देऊ नये.