'ब्लेड रनर २०४९'मध्ये आठवणी कशा तयार होतात?

ज्याला बालपणच नव्हतं, त्याला बालपणाची आठवण कुठून मिळणार? डेनी विलेन्यूव्ह दिग्दर्शित 'ब्लेड रनर २०४९' (२०१७) या सिनेमात हे काम पैसे घेऊन केलं जातं. (पुढे शेवट उघड होतो.)

यातले रेप्लिकंट म्हणजे राबवण्यासाठी बनवलेली कृत्रिम माणसं. ती थेट प्रौढ म्हणूनच तयार होतात. आठवणी असल्या की ती स्थिर राहतात, म्हणून त्या त्यांच्या मनात घातल्या जातात.

त्या घडवते डॉ. अॅना स्टेलिन. आजारामुळे ती लहानपणापासून काचेच्या बंद खोलीत राहते. तिथेच हातातल्या यंत्राने ती मुलांचा वाढदिवस, केक, मेणबत्त्या रचते. तिच्या मते, आठवण खरी वाटते ती तपशिलामुळे नाही, भावनेमुळे.

मात्र खऱ्या माणसाची आठवण वापरणं हा गुन्हा आहे.

रेप्लिकंट पोलीस 'के' याला अनाथाश्रमात लपवलेला लाकडी घोडा आठवतो. तो घोडा खरोखर सापडतो, तेव्हा आपण जन्माला आलेलं मूल आहोत, असं त्याला वाटू लागतं. पण ती आठवण स्टेलिनची स्वतःची असते.

बालपण त्याचं नव्हतंच. तरीही तो जीव धोक्यात घालून तिच्या वडिलांना तिच्या दारापर्यंत आणतो.