वाळवंटातल्या पिवळ्या काचेची साक्ष

इजिप्तचा तरुण राजा तूतनखामेन याच्या थडग्यात छातीवर रुळणारं एक जडावाचं पदक सापडलं. त्याच्या मध्यभागी पिवळसर हिरव्या, अर्धपारदर्शक खड्यात कोरलेला भुंगेरा आहे. १९२२मध्ये हे थडगं शोधून काढणाऱ्या हॉवर्ड कार्टर यांनी हा खडा कॅल्सिडनी, म्हणजे क्वार्ट्झच्या कुळातला दगड असल्याची नोंद केली. सत्तरहून अधिक वर्षांनी इटलीचे खनिजशास्त्रज्ञ विन्चेन्झो दे मिकेले यांनी त्याचा अपवर्तनांक मोजला, तेव्हा तो खडा काचेचा निघाला. ही काच इजिप्तच्या कोणत्याही भट्टीतली नव्हती. राजाच्या जन्माआधी सुमारे २ कोटी ९० लाख वर्षांपूर्वी ती जमिनीवर घडली होती.

ही काच मिळते ती नाईलच्या खोऱ्यापासून शेकडो किलोमीटर पश्चिमेला, लिबियाच्या सीमेजवळच्या वालुकासागरात. तिथे वाळूच्या उंच, लांबलचक टेकड्यांमधल्या सपाट पट्ट्यांवर तिचे तुकडे विखुरलेले आहेत. अश्मयुगातल्या माणसांनी त्यांची हत्यारं केली होती. आधुनिक विज्ञानाला त्यांचा परिचय झाला तो १९३२मध्ये, मोजणी अधिकारी पॅट्रिक क्लेटन यांच्यामुळे. त्यानंतर ब्रिटिश म्युझियमचे खनिजशास्त्रज्ञ लिओनार्ड स्पेन्सर स्वतः तिथे गेले आणि अभ्यासाला सुरुवात झाली. तेव्हापासून एकच प्रश्न अभ्यासकांच्या मागे लागला: माणसाचा हात न लागता, भट्टीशिवाय, एवढी वाळू वितळली कशी?

दिंडी आणि जत्रा

वाळूतला मुख्य घटक क्वार्ट्झ. त्यात सिलिकॉनच्या प्रत्येक अणूभोवती ऑक्सिजनचे चार अणू असतात. हे चौकडे कोपऱ्यांनी एकमेकांना जोडलेले असतात आणि ठरलेल्या क्रमाने सगळीकडे तीच रचना पुन्हा पुन्हा येते. तापमान सुमारे १७०० अंश सेल्सियसच्या पुढे गेलं की ही रचना मोडते आणि क्वार्ट्झचा रस होतो. हा रस विलक्षण घट्ट असतो. तो निवू लागला की अणूंना आपल्या मूळ जागी परतण्याची सवडच मिळत नाही. स्फटिक म्हणजे ओळीने चाललेली दिंडी. काच म्हणजे जत्रेतली गर्दी, जो जिथे होता तो तिथेच थबकलेला. माणसं तीच, फक्त ओळ उरलेली नाही.

म्हणून काच होण्यासाठी नुसती आच पुरत नाही. रस किती वेगाने निवला, यालाही तितकंच महत्त्व आहे. जमिनीच्या पोटात हजारो वर्षं सावकाश निवणाऱ्या शिलारसाचा ग्रॅनाइट होतो आणि त्यातले क्वार्ट्झचे स्फटिक नुसत्या डोळ्यांनी दिसतात. वाळूचा रस मात्र उघड्यावर भराभर निवला तर तापलेल्या अवस्थेतली विस्कळीत रचनाच त्यात कायमची राहते.

कारखान्यात वाळूत सोडा अ‍ॅश मिसळतात, त्यामुळे ती बऱ्याच कमी तापमानाला वितळते. चुनखडी घालतात ती तयार काच पाण्यात विरघळू नये म्हणून. वाळवंटातल्या काचेला असली कसलीच मदत मिळालेली नव्हती. तिच्यात सुमारे ९८ टक्के सिलिका आहे. म्हणजे जवळजवळ शुद्ध वाळूच वितळली होती.

संशयित कोण?

ज्वालामुखी पहिल्याच फेरीत बाद होतो. ज्वालामुखीच्या काचेत, म्हणजे ऑब्सिडियनमध्ये, सिलिकाचं प्रमाण साधारण सत्तर-पंचाहत्तर टक्के असतं. वीज वाळूत शिरली की काच होते हे खरं. उरुग्वेतल्या माल्दोनादोजवळ चार्ल्स डार्विन यांनी विजेने घडवलेल्या काचेच्या नळ्या पाहून त्यांचं वर्णन लिहून ठेवलं आहे. पण विजेचं काम तेवढ्या नळीपुरतंच. एवढ्या मोठ्या प्रदेशावर काच पसरायची तर उष्णता आकाशातूनच यायला हवी होती.

मग वाद सुरू झाला: अशनी जमिनीवर आदळला, की हवेतच फुटून त्याच्या झळीने वाळू वितळली? आघाताने पडलेलं विवर कुणालाही खात्रीने दाखवता आलेलं नाही, त्यामुळे हवेतल्या स्फोटाची कल्पना अनेकांना पटत होती.

उत्तराकडे नेलं ते काचेत अडकलेल्या झिर्कॉनच्या सूक्ष्म कणांनी. झिर्कॉन हे अतिशय चिवट खनिज. त्याचं विघटन होण्यासाठी साधारण १६७० अंशांहून अधिक तापमान लागतं. या काचेत त्याचं विघटन झालेलं दिसतं. म्हणजे हे कण जणू उष्णतामापकच ठरले. २०१९मध्ये आरन कॅव्होसी आणि क्रिस्टियान कोबर्ल यांनी त्याच कणांमध्ये दाबाचीही खूण शोधली. त्यांच्या अंतर्गत मांडणीवरून दिसत होतं, की ते एकेकाळी रीडाइट या खनिजाच्या रूपातून गेले होते. रीडाइट घडायला वातावरणाच्या जवळपास तीन लाख पट दाब लागतो. हवेतल्या स्फोटाने जमिनीवर इतका दाब पडत नाही, त्यासाठी प्रत्यक्ष आघातच हवा. विवर सापडलेलं नसलं, तरी आघाताची साक्ष त्या कणांनी जपून ठेवली होती.

वेळ ठाऊक असलेली काच

एका काचेची जन्मवेळ मात्र मिनिटापर्यंत माहीत आहे: १६ जुलै १९४५, पहाटेचे ५ वाजून २९ मिनिटं. अमेरिकेच्या न्यू मेक्सिकोतल्या वाळवंटात, पोलादी मनोऱ्यावर जगातल्या पहिल्या अणुबाँबची चाचणी झाली. त्यानंतर जमिनीवर हिरवट काचेचा थर आढळला. चाचणीच्या 'ट्रिनिटी' या नावावरून तिला ट्रिनिटाइट म्हणतात. जमीन जागच्या जागी वितळली, असा आधी समज होता. काचेतल्या थेंबांचा अभ्यास झाला, तेव्हा पुष्कळशी वाळू आगीच्या गोळ्यात वर ओढली जाऊन वितळलेल्या रूपात खाली बरसल्याचं दिसलं. काही तुकडे तांबूस आहेत, कारण मोजमापाच्या तारांमधलं तांबं त्यांत मिसळलं. २०२१मध्ये अशाच एका तांबूस तुकड्यात क्वासिक्रिस्टल ही दुर्मीळ रचना सापडल्याचं जाहीर झालं. स्फोटाला तोवर पंचाहत्तर वर्षं उलटून गेली होती.

लोणारचा निकाल

महाराष्ट्रात असाच एक वाद काचेनेच मिटवला. बुलढाणा जिल्ह्यातलं लोणार सरोवर सुमारे १.८ किलोमीटर व्यासाच्या, बेसाल्टमधल्या विवरात आहे. सभोवती सगळा दख्खनचा ज्वालामुखीय खडक, म्हणून हे विवरही ज्वालामुखीचंच असावं असं दीर्घकाळ मानलं जात होतं. १९७३मध्ये 'सायन्स' नियतकालिकात प्रसिद्ध झालेल्या संशोधनाने लोणार हे आघाताचं विवर असल्याचं दाखवून दिलं. विवरात छिद्रं घेऊन काढलेल्या नमुन्यांत मास्केलिनाइट मिळालं होतं. आघाताच्या धक्क्याने फेल्डस्पार खनिजाची ही काच होते. हा पदार्थ पहिल्यांदा ओळखला गेला तोही भारतात पडलेल्या अशनीत: १८६५मध्ये बिहारमधल्या शेरघाटीला पडलेल्या दगडात.

लोणारला वाळू नव्हती, बेसाल्ट होता, म्हणून तिथली काच काळपट. विवराच्या वयाचे अंदाजही तिथल्या काचेवरून आणि वितळून थिजलेल्या खडकावरूनच केले गेले. एका पद्धतीने सुमारे ५२ हजार वर्षं आलं, तर २०११मध्ये प्रसिद्ध झालेल्या आर्गॉन पद्धतीच्या मापनाने सुमारे ५ लाख ७० हजार. एवढी तफावत असताना लोणारचा एकेक तुकडा मोलाचा ठरतो.

जागेसकट पुरावा

ट्रिनिटाइटचा बराचसा थर १९५३मध्ये बुलडोझरने सपाट करून गाडून टाकला गेला; त्याआधी लोकांनी त्याचे दागिनेसुद्धा केले होते. इजिप्तची पिवळी काच आज बाजारात खडे म्हणून विकली जाते. अशा तुकड्यात झिर्कॉनचा कण शिल्लक राहतो, पण तो तुकडा कुठे पडला होता, हे कायमचं हरवतं. काच किती दूरवर फेकली गेली, कुठे दाट पडली, कुठे विरळ, यावरूनच आघाताची जागा आणि दिशा शोधायची असते. इजिप्तमधलं विवर अजून हाती लागलेलं नाही, म्हणून तिथे तर तुकड्यांची जागा हाच सर्वांत मोठा दुवा आहे.

लोणार २०२०मध्ये रामसर पाणथळ स्थळ म्हणून जाहीर झालं. तिथे जाणाऱ्यांची संख्या वाढेल आणि वाढायलाच हवी. विवराच्या काठावर काळा, चकाकता खडा दिसला तर त्याचा फोटो काढा, जागा टिपून ठेवा आणि तो जिथे आहे तिथेच राहू द्या. लोणारचं खरं वय अजून ठरायचं आहे, आणि ते सांगू शकणारा पुरावा त्या काठावरच पडलेला आहे.