सिमेंटचे कान

इंग्लंडच्या केंट परगण्यात, डंजनेसच्या गोट्यांनी भरलेल्या ओसाड किनाऱ्याजवळ, काँक्रीटचे तीन अजस्र कान समुद्राकडे तोंड करून उभे आहेत : दोन कटोऱ्यासारखे, २० व ३० फूट व्यासाचे, आणि तिसरा म्हणजे २०० फूट लांबीची एक वक्र भिंत. इंग्लिश खाडीपलीकडून येणाऱ्या शत्रूच्या विमानाची घरघर या अंतर्गोल पृष्ठभागावर आदळून एकवटावी, तेथे तैनात असलेल्या शिपायाने ती टिपावी आणि विमान दृष्टीस पडण्यापूर्वीच वरिष्ठांना वर्दी पोचावी, असा हा १९२८ ते १९३० च्या दरम्यान केलेला सरकारी बंदोबस्त. परंतु विमानांचा वेग वाढत गेला, जहाजांचा आणि मोटारींचा गलबला त्या घरघरीत मिसळू लागला, आणि १९३५ नंतर रडारची विद्या हस्तगत होताच हे कान नोकरीतून बडतर्फ झाले. पाडण्याची तसदी मात्र कोणी घेतली नाही.

याच केंटमधील कँटरबरी येथे १९६५ साली जन्मलेल्या टॅसिटा डीन या चित्रकर्तीने १९९९ मध्ये या वास्तूंचा सोळा मिलिमीटरच्या कृष्णधवल फिल्मवर सुमारे सात मिनिटांचा चित्रपट केला. गडावर गेले की वाटाड्याच्या तोंडून बखर ऐकल्याखेरीज ज्यांचे समाधान होत नाही, अशा आपल्यासारख्यांची येथे थोडी निराशाच होते. कारण या चित्रपटात इतिहास सांगणारा आवाज नाही. संथ नजरेने पाहिलेले काँक्रीट आहे आणि सभोवारचे ध्वनी आहेत. ऐकण्यासाठी बांधलेल्या वास्तूसमोर प्रेक्षकालाच कान देऊन बसविण्याची ही युक्ती मला कोणत्याही निवेदनाहून अधिक बोलकी वाटते.

त्याच सुमारास केमन ब्रॅक या बेटावर, एका दुर्दैवी दर्यावर्द्याच्या, किनाऱ्यास लागून कुजत पडलेल्या नौकेचे चित्रीकरण करण्यास डीनबाई गेल्या असता, अर्धवट सोडलेले एक अंडाकृती घर त्यांच्या दृष्टीस पडले, आणि त्याचाही एक चित्रपट झाला.

परंतु परित्यक्त स्थळांचा छंद जडलेल्या या कलावतीवर पुढे असा प्रसंग आला की, जिच्यावर ती चित्रे टिपीत असे ती फिल्मच परित्यक्त होऊ लागली. आपल्याला लागणारी फिल्म फ्रान्समधील शालों-सुर-सोन येथील कोडॅकच्या कारखान्यात यापुढे निघणार नाही, असे कळताच त्यांनी तोच कारखाना चित्रित करण्याची परवानगी मिळविली, आणि तीही त्याच फिल्मची शेवटची पाच रिळे वापरून. छायाचित्रणाचा आद्य प्रयोगकर्ता निसेफोर न्येप्स १७६५ साली जन्मला तो याच गावी.

‘कोडॅक’ हा ४४ मिनिटांचा चित्रपट २००६ चा. फिल्मवर चढविला जाणारा लेप असा प्रकाशभीरू असतो की उजेडाची तिरीप लागली तरी सारा माल नासावा; म्हणून जेथे हे काम चाले तेथे एरवी काळोखाचेच राज्य असे. चित्रीकरणाच्या दिवशी मात्र यंत्राच्या चाचणीसाठी फिल्मऐवजी साधा तपकिरी कागद रुळांवरून धावत होता, आणि कागदाला उजेडाचे भय नसल्यामुळे दालनातले सारे दिवे लावता आले.