भरपाईचा हुकूम झाला, पैसे कुठे अडले?

मागच्या पालकसभेनंतर एका विद्यार्थ्याची अम्मी वर्गातच थांबली. पिशवीतून घडी घातलेलं निकालपत्र काढून तिने आमच्यासमोर ठेवलं. मिरचीच्या व्यवहारातले पैसे, समोरच्याचा चेक बाऊन्स, केस ती जिंकलेली. आरोपीने भरपाई द्यावी असा स्पष्ट हुकूम होता. "सर, वर्ष झालं, एक रुपया नाही. आता कुणाला विचारायचं?"

आम्ही वकील नाही. पण कागद वाचता येतो आणि विचारायला लाजत नाही, म्हणून चौकशी केली. जे कळलं ते इतर घरांनाही उपयोगी पडेल.

पहिली गोष्ट, कोर्ट हुकूम देतं, पैसे आपोआप आणून देत नाही. आरोपीला सेशन्स कोर्टात अपील करता येतं आणि बहुतेक जण करतात. अपील चालू असताना शिक्षेला स्थगिती मिळते आणि वसुली तिथेच थांबते. यावर तोड म्हणून 2018 साली चेकच्या कायद्यात कलम 148 आलं. त्यानुसार अपील कोर्ट आरोपीला भरपाईची किमान 20 टक्के रक्कम जमा करायला लावू शकतं. मुदत 60 दिवस, कारण पटलं तर आणखी 30. जमा झालेली रक्कम अपील संपण्याआधीच आपल्याला मिळावी, असा अर्जही करता येतो. आरोपी पुढे सुटला तर मात्र ती व्याजासह परत करावी लागते. आपल्याकडे हा अर्ज करायचं राहूनच जातं.

अपीलच झालं नसेल तर? तर वसुलीचा अर्ज त्याच मॅजिस्ट्रेट कोर्टात द्यायचा. भरपाई ही दंडासारखीच वसूल होते. कोर्ट जंगम मालमत्तेच्या जप्तीचं वॉरंट काढू शकतं, किंवा कलेक्टरकडे वॉरंट पाठवून जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसुली करायला सांगू शकतं. त्यात शेत, घर, प्लॉट सगळं आलं. फक्त आरोपीच्या नावावर काय आहे हे आपणच शोधून द्यावं लागतं. सातबारा, गाडीचा नंबर, बँकेची शाखा, जे मिळेल ते.

आपल्या जिल्ह्यात आणखी एक अडचण येते. व्यापारी सुरतचा असला तरी चेक आपण नंदुरबारच्या आपल्या खात्यात टाकला असेल तर केस इथेच चालते, 2015 च्या दुरुस्तीपासून तसा नियम आहे. पण त्याची मालमत्ता सुरतेत असेल, तर जप्तीच्या वॉरंटवर तिथल्या जिल्हा दंडाधिकाऱ्यांचा शेरा लागतो. कागद असा प्रवास करत राहतो. पाठपुरावा केला नाही तर तो कुठल्यातरी टेबलावर पडून राहतो. दंडाच्या वसुलीला कायद्यात साधारण 6 वर्षांची मर्यादा आहे, तेव्हा "देईल कधीतरी" म्हणत बसू नका.

सगळ्यात मोठा गैरसमज आम्ही नातेवाइकांच्या तोंडून ऐकला: "तो जेलमध्ये जाऊन आला, आता हिशोब संपला." संपत नाही. भरपाई न दिल्याबद्दलची कैद भोगली तरी देणं शिल्लक राहतं, असं सुप्रीम कोर्टाने 2017 मध्ये केरळच्या एका प्रकरणात स्पष्ट केलंय.

उशीर किती होऊ शकतो? गोव्यातलं एक प्रकरण बघा. 6 लाखांचा चेक. खालच्या दोन्ही कोर्टांनी आरोपीला दोषी धरलं, पण 2009 मध्ये हायकोर्टाने त्याला सोडलं. सुप्रीम कोर्टाने तो निकाल फिरवला 25 सप्टेंबर 2025 ला. हुकूम काय, तर साडेसात लाख रुपये, महिना 50 हजारांप्रमाणे 15 हप्त्यांत. सोळा वर्षांनंतर, आणि तेही हप्त्याने!

म्हणून तडजोडीचा पर्याय आम्हाला वाईट वाटत नाही, पण ती लोकअदालतीत करा. चहाच्या टपरीवरच्या तडजोडीला मागे काही आधार नसतो. लोकअदालतीच्या निवाड्याला मात्र दिवाणी हुकूमनाम्याचं बळ असतं. हप्ता चुकला तर पुन्हा पहिल्यापासून केस लढायची गरज नाही, थेट दरखास्त दाखल होते. चेकच्या केसमधल्या निवाड्यालाही हे लागू आहे, असं सुप्रीम कोर्टाने 2011 मध्येच सांगितलंय.

वकिलाचे पैसे नाहीत म्हणून गप्प बसणाऱ्या बहिणींनी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जावं. बायकांना मोफत वकील मिळतो, उत्पन्नाची अट नाही.

आणि कर्जाचा व्यवहार लिहून ठेवा, साक्षीदार ठेवा, हे तर सूरह बकराच्या आयत 282 मध्येच आहे. आपण मात्र "घरचाच माणूस" म्हणत कोरा चेक घेतो आणि रक्कम कुठेच लिहीत नाही. मग पैसे दिले होते हे सिद्ध करतानाच दमछाक होते.

त्या अम्मीच्या केसमध्ये अपील झालेलंच नव्हतं. वसुलीचा अर्जही कुणी केला नव्हता. तो आता दाखल झालाय, सोबत आरोपीच्या जमिनीचा सातबारा जोडलाय. पुढची तारीख पडली आहे.