सिसिलीचे राजे आणि त्यांची मुसलमान प्रजा

शाळेंत युरोपच्या मध्ययुगाचा तास आला कीं मी फळ्यावर भूमध्यसमुद्राचा नकाशा काढीत असें. वरच्या किनाऱ्यावर क्रूस, खालच्या किनाऱ्यावर चंद्रकोर, आणि मध्यें समोरासमोर दोन बाण. १०९५ मध्यें पोपनें धर्मयुद्धाची हांक दिली, १०९९ मध्यें जेरुसलेम ख्रिस्त्यांच्या हातीं आलें, ११८७ मध्यें सलाहुद्दीनानें तें परत घेतलें, १२९१ मध्यें अक्का पडलें. एवढ्या सनांवर मुलें उत्तीर्ण होत आणि मीहि समाधानी असें. एकदां मागच्या बांकावरील एका मुलानें विचारलें, "गुरुजी, लढाई नसे तेव्हां हे लोक काय करीत?" पुस्तकांत नाहीं तें विचारूं नये, असें सांगून मीं त्याला खालीं बसविलें. श्रोतेहो, त्या मुलाला द्यावयाचें उत्तर आज, साठी उलटल्यावर, मी आपणांस देणार आहें.

पहिलें उत्तर असें कीं, लढाई नसे तेव्हांच काय, लढाई चालू असतांनाहि हे लोक व्यापार करीत. इब्न जुबैर नांवाचा एक स्पेनमधील मुसलमान गृहस्थ, ग्रानाडाच्या सुभेदाराचा चिटणीस, ११८३ मध्यें मक्केच्या यात्रेस निघाला व त्यानें आपल्या प्रवासाची रोजनिशी लिहून ठेविली. तो ११८४ मध्यें दमास्कसहून अक्का बंदराकडे चालला होता, तेव्हां सलाहुद्दीन ख्रिस्त्यांच्या केरक किल्ल्याला वेढा देऊन बसला होता. आणि तरीहि काफिले दोन्ही मुलखांतून बिनधोक जात-येत होते. ख्रिस्त्यांच्या अक्का शहरांतील जकातघरांत ख्रिस्ती कारकून सोन्यानें मढविलेल्या शिसवी दौती पुढें घेऊन अरबींत हिशेब लिहीत बसलेले त्याला आढळले. पुढें घरीं परततांना हा प्रवासी ज्या जहाजांत बसला तें जिनोआच्या ख्रिस्त्यांचें होतें. तें सिसिली बेटाजवळ फुटलें, आणि त्या अपघातामुळें आपणांस एक अमोल साक्षीदार मिळाला. पण त्याची साक्ष काढण्यापूर्वीं बेटाची हकीकत सांगितली पाहिजे.

सिसिली हें बेट इटलीच्या पायाशीं आहे व आफ्रिकेच्याहि फार दूर नाहीं. ८२७ मध्यें आफ्रिकेंतील अघलबी अमीराच्या फौजा तेथें उतरल्या, ८३१ मध्यें पालेर्मो शहर पडलें. बेटावरील अखेरचा ख्रिस्ती किल्ला हातीं येण्यास मात्र ९६५ साल उजाडलें. नव्या राज्यकर्त्यांबरोबर ऊस, नारिंगें, लिंबें व कापूस हीं पिकें आलीं आणि पाणी खेळविण्याची कला आली. इटालियन भाषेंत नारिंगाला जो 'अरांचा' शब्द आहे तो फारशी-अरबी वाटेनें तिकडे पोंचलेलें आपलें नारिंगच होय. दहाव्या शतकांत इब्न हौकल नांवाचा प्रवासी पालेर्मोस आला. त्याला तेथें शेंकडों मशिदी दिसल्या, आणि तीनशेंच्या घरांत पंतोजी दिसले! शिक्षकाला लढाईची चाकरी माफ असते, म्हणून हे लोक या धंद्यांत शिरले आहेत आणि ते मूर्ख आहेत, असा शेरा त्यानें मारला आहे. इतक्या दुरून व इतक्या शतकांनंतर तो वाचतांनाहि मला जरा लागला, हें कबूल केलें पाहिजे.

नंतर फासा पालटला. फ्रान्सच्या उत्तरेकडून आलेल्या नॉर्मन सरदारांनीं १०६१ मध्यें मेस्सीना, १०७२ मध्यें पालेर्मो व १०९१ पर्यंत सारें बेट जिंकलें. पालेर्मोचे मुसलमान शरण आले ते आपला धर्म व आपला कायदा आपल्यापाशीं राहील या बोलीवर. आणि विजेत्यांनीं ती बोली मान्य केली. नॉर्मन मूठभर होते, प्रजा अफाट होती. दफ्तर अरबींत होतें, शेतसारा वसूल करणारे हात मुसलमानांचे होते. पूर्वीं मुसलमान राज्यांत ख्रिस्त्यांनीं जिझिया द्यावयाचा. आतां तोच कर, त्याच नांवानें, मुसलमानांनीं ख्रिस्ती राजाला द्यावयाचा. केवळ देणारा व घेणारा बदलला.

यांतील हिशेब किती कोरडा होता हें एका प्रसंगावरून दिसेल. १०९८ मध्यें सिसिलीचा काउंट रॉजर इटलींतील कापुआ शहराला वेढा घालून बसला होता व त्याच्या सैन्यांत हजारों मुसलमान शिपाई होते. कँटरबरीचा आर्चबिशप अन्सेल्म त्या छावणींत आला. त्याच्या सौजन्यानें कित्येक शिपायांचीं मनें वळलीं. पण त्यांपैकीं कोणीहि ख्रिस्ती होण्यास धजला नाहीं, कारण तसें करणाऱ्यास काउंट कडक शासन करी! अन्सेल्मच्या चरित्रकारानें हें नमूद केलें आहे. पोपच्या शब्दानें बिथरणार नाहीं असें सैन्य रॉजरला हवें होतें, आणि तें मुसलमान राहिलें तरच तसें राहणार होतें.

या काउंटाचा मुलगा दुसरा रॉजर याला ११३० च्या नाताळांत पालेर्मो येथें राज्याभिषेक झाला. त्याच्या दरबाराचें वर्णन करूं लागलों तर वेळ पुरणार नाहीं. राजवाड्यांतील त्याच्या देवघराची मांडणी रोमन पंथाच्या चर्चची आहे, भिंतींवरचीं सोनेरी तुकड्यांचीं चित्रें ग्रीक कारागिरांच्या पद्धतीचीं आहेत, आणि वरची तक्तपोशी, मधाच्या पोळ्यासारखी कोरलेली व रंगविलेली, ती अरबी धर्तीची आहे. त्याचा एक तांबडा रेशमी झगा आज व्हिएन्ना येथें जपून ठेविलेला आहे. त्यावर उंटावर झेपावणारे दोन सिंह कशिद्यानें काढले असून कडेनें अरबी लेख व हिजरी सन ५२८ आहे. दरबारांतील सर्वांत मोठ्या अंमलदाराला 'अमीर' म्हणत. अंत्योकचा जॉर्ज या नांवाचा ग्रीक ख्रिस्ती मनुष्य त्या पदावर असतां आरमाराचाहि मुख्य झाला. आज सर्व युरोपांत आरमाराच्या सेनापतीला 'अ‍ॅडमिरल' म्हणतात, तो शब्द या अमिराचाच वंशज आहे. हिशेबाच्या कचेरीला तर दिवाण हेंच नांव होतें.

या दरबारच्या वैभवापेक्षां मला एक लहानसा दगड अधिक बोलका वाटतो. राजाच्या पदरच्या ग्रिझांडस नांवाच्या एका ख्रिस्ती पुरोहिताची आई आन्ना ११४८ मध्यें वारली. मुलानें तिच्या थडग्यावर जी शिळा बसविली तिच्यावर तोच मजकूर चार प्रकारें कोरलेला आहे : लॅटिन, ग्रीक, अरबी, आणि हिब्रू अक्षरांत लिहिलेली अरबी. प्रत्येक लेखांत ज्या त्या समाजाचा शक आहे. लॅटिन लेखांत ११४८, ग्रीकांत व हिब्रू अक्षरांत जगाच्या उत्पत्तीपासून मोजलेलें ज्याचें त्याचें साल आणि अरबींत हिजरी ५४३. शेजारपाजारचा कोणीहि वाटेनें गेला तरी त्याला आपली आई कोण होती हें कळावें, असें त्या मुलाला वाटलें असेल.

रॉजरला भूगोलाचा नाद होता. अल्-इद्रीसी नांवाच्या मुसलमान विद्वानाला त्यानें पदरीं ठेविलें, आणि सुमारें पंधरा वर्षें येणाऱ्या-जाणाऱ्या व्यापाऱ्यांना व खलाशांना विचारून, ज्यांत एकवाक्यता होईल तेवढेंच टिपून घेण्याचें काम चालविलें. त्यांतून रुप्याच्या मोठ्या तबकडीवर कोरलेला जगाचा नकाशा व अरबींतला एक भला मोठा ग्रंथ तयार झाला. नकाशाचे सत्तर भाग होते, आणि त्यांत दक्षिण दिशा वर होती. आपण नकाशे पाहतों त्याच्या अगदीं उलट! या ग्रंथांत आपल्या कोंकणच्या किनाऱ्याचेंहि वर्णन आहे. ठाणें हें मोठ्या खाडीवरील सुंदर शहर असून तेथून जहाजें निघतात, व जवळच्या डोंगरांत बांबू आणि वंशलोचन होतें, असें इद्रीसी लिहितो. पालेर्मोच्या ख्रिस्ती राजासाठीं एका मुसलमानानें ठाण्याचें वंशलोचन टिपून ठेवावें, याची गंमत मला अजून वाटते.

परंतु याच वेळचा दुसरा प्रसंग सांगितला नाहीं तर मी पुन्हां अर्धाच नकाशा काढीन. इद्रीसीचा ग्रंथ जानेवारी ११५४ मध्यें पुरा झाला. त्याच हिवाळ्यांत, कांहीं आठवडे आधीं, राजाचा आवडता सरदार महदियाचा फिलिप याला पालेर्मोंत जिवंत जाळण्यांत आलें. हा खोजा वरकरणी ख्रिस्ती होता. अंतर्यामीं तो मुसलमान आहे, असा त्याजवर आरोप होता. पुढच्या फेब्रुवारींत रॉजर वारला. ११६१ च्या बंडाळींत पालेर्मोचे मुसलमान कापले गेले व बेटाच्या पूर्वभागीं लोंबार्ड लोकांनीं आणखी कत्तली केल्या. इद्रीसीची रुप्याची तबकडीहि त्याच धामधुमींत नाहींशी झाली.

आतां इब्न जुबैरकडे वळूं. डिसेंबर ११८४ मध्यें त्याचें जहाज मेस्सीनाच्या किनाऱ्याशीं फुटलें, तेव्हां रॉजरचा नातू दुसरा विल्यम हा योगायोगानें तेथेंच होता. किनाऱ्यावरचे नावाडी बुडणाऱ्यांना वांचविण्याचे भरमसाट पैसे मागत होते, आणि गरीब मुसलमान यात्रेकरूंपाशीं कांहींच नव्हतें. राजानें स्वतःच्या खजिन्यांतून शंभर नाणीं देऊन त्यांना बाहेर काढविलें. हा राजा अरबी लिहितो व वाचतो, त्याचे सेवक, वैद्य, मुदपाकखान्याचा कारभारी देखील मुसलमान आहेत, असें आमचा प्रवासी मोठ्या नवलानें लिहितो. पालेर्मोंत नाताळच्या दिवशीं ख्रिस्ती बाया मुसलमान बायांसारख्या बुरखे घेऊन व हातांना मेंदी लावून चर्चला जातांना त्यानें पाहिल्या. एकदां भूकंप झाला असतां वाड्यांतल्या दासी व सेवक अल्लाचा धांवा करूं लागले, आणि राजाला पाहतांच घाबरून गप्प झाले. तेव्हां ज्यानें त्यानें आपल्या देवाला आळवावें असें राजानें त्यांना सांगितलें, ही कथाहि त्यानेंच ऐकून टिपली आहे.

मात्र ते सेवक घाबरले कां, हें ध्यानांत घेतलें पाहिजे. त्यांना नमाज लपून पढावा लागे. मेस्सीनांत अब्दुल मसीह म्हणजे 'ख्रिस्ताचा दास' असें नांव धारण करणारा एक अंमलदार इब्न जुबैरला भेटला. आजूबाजूला कोणी नाहीं अशी खात्री करून घेऊन त्यानें मक्केची हकीकत विचारली, आणि तिकडची एखादी पवित्र वस्तु असल्यास द्यावी म्हणून विनविलें. आणखी ऐका. बापावर किंवा आईवर रागावलेलें मूल चर्चमध्यें जाऊन उभें राहिलें कीं त्याला तेथेंच बाप्तिस्मा मिळे. मग त्याला घरीं आणण्याची सोय नसे. म्हणून मुसलमान आईबाप आपल्याच मुलांच्या धाकांत असत. चाळीस वर्षें मुलांत वावरलेल्या माझ्यासारख्याला यापरती शिक्षा सुचत नाहीं. त्रापानी बंदरांत स्पेनला जाणाऱ्या जहाजाची वाट पाहत असतां एका प्रतिष्ठित कुटुंबांतील गृहस्थानें एका यात्रेकरूकडे आपल्या मुलाला निरोप घेऊन पाठविलें. निरोप असा कीं, माझी मुलगी तुमच्याबरोबर न्या. मनास आली तर स्वतः लग्न करा, नाहीं तर तुमच्या गांवीं योग्य स्थळ पाहून द्या. हुंडा नको, मान नको. येथून ती बाहेर पडावी एवढेंच हवें. मुलीलाहि विचारलें गेलें आणि तिनें जाण्यास रुकार दिला. ही गोष्ट लिहितांना इब्न जुबैरची लेखणी थरथरली असावी.

मग विल्यम चांगला कीं वाईट? वर्गांत असता तर त्या मुलानें हेंच विचारलें असतें. बुडणाऱ्यांचे पैसे भरणाऱ्या याच राजानें मॉनरेआले येथील मठाला बेटाच्या पश्चिमेकडील विस्तीर्ण मुलूख इनाम दिला, त्यावरील मुसलमान कुळांसकट. त्या कुळांच्या याद्या ११७८ व ११८३ या सालच्या, ग्रीक व अरबी लिपींत, अजून शिल्लक आहेत. राजाला ही प्रजा हवी होती, आणि तिला दुसरा कोणी वाली नव्हता, ही गोष्ट त्या याद्यांवरून मला जितकी स्पष्ट दिसते तितकी कोणत्याहि भाष्यावरून दिसत नाहीं. शहरांत दोन समाज एकमेकांचा पोशाख घालीत, एकमेकांची भाषा बोलत. पण त्यांच्यामध्यें जी सुरी येत नव्हती ती राजाचा हात आडवा होता म्हणून.

नोव्हेंबर ११८९ मध्यें विल्यम निपुत्रिक वारला, आणि तो हात गेला. पालेर्मोंत मुसलमानांवर हल्ले झाले; उरले ते पश्चिमेच्या डोंगरांत पळाले आणि तेथील किल्ल्यांवरून कित्येक वर्षें झगडत राहिले. त्यांना मोडून काढलें तें रॉजरचाच नातू सम्राट दुसरा फ्रेडरिक यानें. हाच फ्रेडरिक १२२९ मध्यें पोपच्या बहिष्काराखालीं असतां इजिप्तच्या सुलतान अल्-कामिलशीं तह करून, एकहि लढाई न करितां, दहा वर्षांच्या कराराने जेरुसलेम मिळवून बसला! सुलतानाच्या वकिलांशीं गोडीनें बोलणारा हा बादशहा घरच्या मुसलमानांना मात्र हजारोंनीं उचलून समुद्रापलीकडे, इटलीच्या मुख्य भूमीवरील लुचेरा या गांवीं नेऊन ठेवीत होता. तेथें त्यांना मशीद दिली, काजी दिला, शेतें दिलीं. आणि त्यांच्यांतून तिरंदाज निवडून आपले अंगरक्षक केले. पोपच्या बहिष्काराची ज्यांना भीति नाहीं असे शिपाई त्यालाहि हवेच होते, पणजोबाला कापुआपुढें हवे होते तसेच.

लुचेरा सुमारें पाऊणशें वर्षें टिकलें. फ्रेडरिकच्या वंशाचा पाडाव झाल्यावर तें राज्य आंजूच्या फ्रेंच घराण्याकडे गेलें, आणि ऑगस्ट १३०० मध्यें राजा दुसरा चार्ल्स यानें गांव घेरून रिकामें केलें. मालमत्ता जप्त झाली. बायका, पुरुष, मुलें बाजारांत गुलाम म्हणून विकलीं गेलीं. गांवाचें नांव बदलून मेरीमातेच्या नांवानें ठेवण्यांत आलें व तेथें एक मोठें चर्च बांधण्यांत आलें. गांवानें आपलें जुनें नांव पुढें परत घेतलें. चर्च अद्याप उभें आहे.