दहा किलोमीटरची रेषा

‘विशेष बाब म्हणून’ हे तीन शब्द सेवाकाळात मी किती नस्त्यांवर लिहिले असतील, याची गणती नाही. नियम जागच्या जागी ठेवून एकासाठी वाट मोकळी करणारे ते शब्द. गेल्या महिन्यात हैदराबादजवळच्या उस्मान सागराच्या बांधावर उभा असताना ते पुन्हा आठवले.

२८ सप्टेंबर १९०८ रोजी मुसी नदीला आलेल्या महापुरात या शहरातील हजारो माणसे दगावली, हजारो घरे वाहून गेली. निजामाने विश्वेश्वरय्यांना पाचारण केले. खडकवासल्याच्या स्वयंचलित दरवाजांमुळे मराठी वाचकांना परिचित असलेले तेच हे अभियंते. शहराच्या वरच्या अंगाला जलाशय बांधून पूर तेथेच थोपवावा, असे त्यांनी सुचवले. १९२० मध्ये मुसीवर उस्मान सागर आणि १९२७ मध्ये तिच्या ईसी या उपनदीवर हिमायत सागर पूर्ण झाला. शहराला त्यांतून पिण्याचे पाणीही मिळू लागले. पूर आधी आणि पाणी नंतर, हा क्रम लक्षात ठेवावा; पुढे त्याचे काम पडणार आहे.

शहर या तलावांच्या दिशेने पसरू लागले, तेव्हा आंध्र प्रदेश शासनाने ८ मार्च १९९६ रोजी आदेश क्रमांक १११ काढला. जलाशयांपासून १० किलोमीटरच्या परिसरात, म्हणजे ८४ गावांत, प्रदूषणकारी उद्योग, मोठी हॉटेले आणि निवासी वसाहती यांना मनाई झाली. आदेशाची शाई वाळते न वाळते तोच एरंडेल तेलापासून रसायने बनवणाऱ्या एका कारखान्याने याच पट्ट्यात परवानगी मागितली. प्रदूषण नियंत्रण मंडळाने नकार दिला. शासनाने मात्र जुलै १९९७ मध्ये त्या एकाच कारखान्याला सूट दिली. अपिलीय प्राधिकरण कारखान्याच्या बाजूने गेले, उच्च न्यायालयानेही तो निर्णय उचलून धरला.

सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी १९९९ च्या निकालात एक मूलभूत प्रश्न विचारला : सिद्ध कोणी करायचे? पाणी दूषित होईल हे नागरिकांनी, की होणार नाही हे उद्योजकाने? परिस्थितीत बदल घडवू पाहणाऱ्यावरच सिद्धतेचा भार आहे, असे न्यायमूर्ती जगन्नाथ राव यांनी लिहिले. १ डिसेंबर २००० च्या दुसऱ्या निकालात ती सूटही रद्द झाली. ज्या १९७४ च्या कायद्याने पाण्याचे रक्षण करायचे, त्याच कायद्याचा आधार घेऊन शासनाला एका कारखान्यासाठी बंदी शिथिल करता येणार नाही, असा त्याचा आशय होता.

तो निकाल वाचताना मी अस्वस्थ झालो होतो. जिल्ह्यात असताना काही शेतकरी विहिरीचे तांबूस पाणी बाटलीत भरून माझ्याकडे आले होते. प्रयोगशाळेचा अहवाल आणा, असे मी त्यांना सांगितले. शेजारच्या कारखानदाराकडून मात्र आम्ही केवळ प्रतिज्ञापत्र घेतले होते. शेतकरी परत आले नाहीत. बाटली बरेच दिवस माझ्या कार्यालयात होती.

आदेश १११ पुढेही मोडला गेलाच. फार्महाऊसे उठली, बांधकामे झाली. तरी पाव शतक तो टिकला, याचे श्रेय मी त्याच्या सोपेपणाला देतो. रेषेच्या आत की बाहेर, एवढे तलाठ्यालाही सांगता येत होते. अखेर १२ एप्रिल २०२२ रोजी तेलंगणा शासनाने आदेश क्रमांक ६९ काढून ते निर्बंध उठवले. शहराला आता कृष्णा, गोदावरी आणि मांजरेचे पाणी येते, या दोन तलावांचा वाटा नगण्य उरला आहे, हे त्याचे कारण.

हे कारण खोटे नाही, आणि अडचण तिथेच आहे. १९९६ च्या आदेशाने तलाव राखायचे ते पिण्याच्या पाण्यासाठी, एवढेच म्हटले होते. पाणी दुसरीकडून आले आणि आदेशाचा पाया निसटला. १९०८ चा पूर त्या कागदात नव्हताच. ऑक्टोबर २०२० च्या अतिवृष्टीत हिमायत सागराचे दरवाजे उघडावे लागले, तेव्हा या तलावांचे मूळ काम पुन्हा दिसले होते. त्यानंतर दीडच वर्षाने रेषा पुसली गेली.

नव्या आदेशातही पाण्याची गुणवत्ता बिघडू नये, अशी अट आहे. ८४ गावांतली ती सरसकट बंदी गेल्यावर मंडळाच्या अधिकाऱ्याने ही अट एकेका नस्तीवर तपासायची आहे.