गावगाड्याचे नोंदकार

शेतकऱ्यांचे आणि कारागिरांचे रोजचे जिणे यथातथ्य लिहून ठेवणारे लेखक मराठीत शोधू लागले, म्हणजे प्रथम साहित्यिकांच्या बैठकीकडे नव्हे, तर मामलेदाराच्या कचेरीकडे वळावे लागते. कारण गावात नांगर किती, विहिरी किती आणि खळ्यावर कोण कोणत्या हक्काने येतो, याची चौकशी जमाबंदीच्या निमित्ताने ज्यांना करावी लागे, त्यांच्याच हाती ही सामग्री आधी पडली.

नाशिकपुरते पाहिले, तर कॅम्बेलच्या संपादकत्वाखाली १८८३ साली निघालेले जिल्ह्याचे गॅझेटियर हा या दप्तराचा मोठा ग्रंथ. येवल्याचे रेशीमकाम आणि नाशिकची तांब्यापितळेची भांडी त्यात आहेत. परंतु मांडीशी हंडा धरून एकाशेजारी एक ठोका ओळीने बसवीत मठारकाम करणारा तांबट आपल्या धंद्याविषयी काय म्हणतो, हे मात्र त्यात ऐकू येत नाही. पुढे नाशिकचे कलेक्टर जॅक्सन, ज्यांचा १९०९ च्या डिसेंबरात विजयानंद नाट्यगृहात वध झाला, हे संस्कृतज्ञ गृहस्थ होते. शाळामास्तरांकडे प्रश्नावल्या धाडून लोकसमजुती जमविण्याचा उद्योग त्यांनी केला होता. त्यांच्या पश्चात एन्थोव्हेन या इंग्रज अधिकाऱ्याने ती टिपणे छापली, ती गुजरातची आणि कोकणची. नाशिकच्या कलेक्टराच्या नावावरच्या टिपणांतून नाशिकच तेवढे सुटून गेले!

या सर्वांहून निराळी योग्यता त्रिंबक नारायण आत्रे यांची. नोकरी मुलकी खात्यातली, पण १९१५ सालच्या ‘गावगाडा’ या ग्रंथात बलुतेदार, वतनदार आणि फिरस्ते यांचा जो तपशील येतो, तो निव्वळ कागद चाळून हाती लागणारा नव्हे. रास पडण्यापूर्वीच खळ्याभोवती मागणाऱ्यांची रीघ लागते आणि घाम गाळणाऱ्या कुणब्याच्या पदरी काय उरते, याचा हिशेब ते निर्दयपणे मांडतात. हा हिशेब एकतर्फी आहे, हे कबूल केलेच पाहिजे: कुणब्याविषयी त्यांना जो कळवळा, त्याचा अंशही फिरस्त्यांच्या वाट्याला येत नाही, आणि महसूल गोळा करणाऱ्याची नजर पानोपानी डोकावते. तरीही मराठी गावाची इतकी बारीक हजेरी त्यांच्यापूर्वी कोणी घेतली नव्हती. १९३३ साली ना. गो. चापेकरांनी ‘बदलापूर’ लिहून एकाच गावाची अशी झडती घेतली, तेही न्यायखात्यातले.

कचेरीची ही सावली पुरती हटली ती अनिल अवचटांच्या लेखनात. वैद्यकाची पदवी घेतलेला हा लेखक निपाणीच्या तंबाखूच्या वखारीतील बायकांशी आणि हमालांशी जमिनीवर बसून बोलला. मजुरी किती, उचल किती, खोकला केव्हापासून, हे त्याने त्यांनाच विचारले. आत्र्यांच्या पुस्तकात गाव साहेबापुढे उभा राहून जबानी देतो. अवचटांच्या पुस्तकात विचारणाऱ्यापाशी ना शिक्का, ना हुकूम.